खारीच्या मानेवर भोक पडलंय आणि आत काहीतरी हलायलंय, बॉटफ्लाय असेल का?

शेंगाचटणी
विजापूर रोडला राहतो, दारात कडुलिंब आहे त्यावर खारी असतात, आई रोज सकाळी कट्ट्यावर शेंगदाणे टाकते त्यामुळं अगदी हातभर अंतरावर येतात. त्यातल्या एकीच्या मानेवर परवापासनं सुपारीएवढी गाठ दिसायलीय, वरचे केस गेलेत आणि मधी भोक. काल मोबाईलनं झूम करून बघितलं तर भोकात पांढरं काहीतरी वळवळायलंय. यूट्यूबवर शोधलं तर अमेरिकेतल्या खारींचे लै व्हिडिओ, बॉटफ्लाय म्हणे, आणि खाली कमेंटमध्ये सगळे सांगायलेत की हात लावू नका, अळी आपोआप पडते, खार बरी होते. मग तसंच सोडून देऊ का? आई म्हणते फिनेल टाक. आणि हे माणसाला लागतं का, कारण आई त्याच कट्ट्यावर बसून भाजी निवडते.

काय_बे
पहिलं ते व्हिडिओ बघणं बंद कर बे. मी एकदा जेवताना बघितला, आठ दिवस भात गेला नाही.

बार्शीचा_व्हेट
फिनेल अजिबात नको. शंभर ग्रॅमच्या आसपासचा जीव तो, अळ्यांच्या आधी खारच मरेल. डांबराच्या गोळ्यांची पूड, टर्पेंटाईन हे पण नको, गावाकडं बैलाच्या जखमेत घालतात म्हणून खारीला चालेल असं नसतं.

आता मुद्द्याचं. खारीच्या कातडीत वाढणारी ती बॉटफ्लाय म्हणजे क्युटेरेब्रा, ती फक्त अमेरिका खंडात सापडते, सोलापुरात येणार कुठनं? आपल्याकडं बहुतेक वेळा काय होतं की मांजरानं पकडलेलं असतं, दात लागलेला असतो, त्या जखमेवर माशी बसते. यात स्क्रूवर्म म्हणून जी माशी आहे, क्रायसोमिया बेझियाना, ती जखमेच्या कडेला शंभर-दोनशे अंडी घालते आणि १२ ते २४ तासात अळ्या बाहेर. या अळ्या जिवंत मांस खात खात आत जातात. त्यामुळं व्हिडिओतला सल्ला इथं उलटा पडतो, तिथं थांबलं तर चालतं, इथं थांबलात तर दोन-तीन दिवसात खार संपते.

ओळखायचं कसं, तर बॉटफ्लायची एका भोकात एकच अळी असते, भोक गोल, कडा स्वच्छ, वास नाही. जखमेतल्या अळ्या पुष्कळ असतात, एकमेकीला चिकटून तोंड आत खुपसून बसलेल्या, रक्ताळ पाणी गळत असतं आणि वास असा की एकदा घेतला की विसरत नाही. तुमच्या खारीला वास येतोय का?

कडबा_ते_कोलंबस
मी मूळचा होटगी रोडचा, सध्या अमेरिकेत. आमच्या बॅकयार्डात ऑगस्टमध्ये करड्या खारी अशाच गाठी घेऊन फिरतात, एकीला तर तीन होत्या. माशी खारीवर बसतच नाही, घरट्याजवळ काडीवर वगैरे अंडी घालते, खारीची ऊब लागली की अळी बाहेर येऊन नाका-तोंडातनं आत शिरते आणि मग कातडीखाली येऊन श्वासासाठी भोक पाडते. तीन-चार आठवड्यांनी मातीत पडते. गंमत म्हणजे मोठ्या माशीला खायला धड तोंडच नसतं, जे काय खाल्लं ते अळी असताना. इथले शिकारी दरवर्षी विचारतात की मटण खाल्लं तर चालतं का 😀 (चालतं म्हणतात, अळी कातडीखालीच असते.)

मेंढरं_आणि_मी
सांगोल्याकडचा आहे, घरी मेंढरं. बॉटफ्लाय भारतात नाहीच असं नाही वो डॉक्टर, आमच्या मेंढरांच्या नाकात अळ्या होतात की. दुपारी माशी आली की सगळी मेंढरं एकमेकाच्या पोटाखाली डोकी खुपसून नाकं जमिनीला लावून उभी राहतात, आणि शिंकली की कधीकधी अळी बाहेर पडते. मागं चुलत्याच्या डोळ्यात माशी धडकून गेली, तासाभरात डोळा लाल, खुपायला लागलं, डोळ्याच्या डॉक्टरनं बघितलं तर बारीक अळ्या, थेंब टाकून डोळा बधिर केला आणि चिमट्यानं एकेक काढल्या.

बार्शीचा_व्हेट
बरोबर आहे दादा, मी खारीपुरतं म्हणत होतो. ती इस्ट्रस ओविस, ती पण बॉटफ्लायच. अंडी घालत नाही, उडता उडता जिवंत अळ्याच नाकावर फवारते, चुकून माणसाच्या डोळ्यावर. माणसात त्या वाढत नाहीत, पण डोळा चोळायचा नाही, लगेच दाखवायचं. खारीपासनं आईला काही लागणार नाही, फक्त त्यांना कुठं उघडी जखम असेल तर झाकून ठेवा. आणि खार वन्यप्राणी आहे, घरी पाळू नका, वनखात्याच्या १९२६ नंबरला फोन करा.

शेंगाचटणी
अपडेट. वास येत होता, लांबनंच. आईनं शेंगदाणे टाकून पाटी पालथी घातली आणि धरली. पहिल्या दवाखान्यात खार-बिर बघत नाही म्हणाले, दुसऱ्यांनी घेतली. २३ अळ्या निघाल्या, मी मोजल्या. सलाईननं धुतलं, इंजेक्शन दिलं. वनखात्याशी बोललो, जखम सुकेपर्यंत दवाखान्यातच ठेवणारेत. संध्याकाळी बघायला गेलो तर बुटाच्या खोक्याचा कोपरा कुरतडून ठेवला होता. आई विचारायलीय तिथं शेंगदाणे दिले तर चालतील का, डॉक्टर?

बार्शीचा_व्हेट
चालतील, खारे नको.