कोजागिरीला मूकपट दाखवायचाय: पाट्या कोणी वाचायच्या, पेटी कोणी वाजवायची?

अव्वल_कारकून (वेंगुर्ले तालुका)

मंडळी, आमच्या गावच्या वाचनालयाची कोजागिरी दरवर्षी भेंड्या आणि मसाला दूध यावर उरकते. यंदा मी हट्टाने मूकपट सुचवलाय: 'स्किनर्स ड्रेस सूट', १९२६, दिग्दर्शक विल्यम सीटर. अध्यक्ष म्हणाले, "चॅप्लिन लावा ना, कोणालाही कळतो." कळतो, पण तो दर वेळी लावतातच.

गोष्ट थोडक्यात: स्किनर हा कचेरीतला भिडस्त कारकून. बायको मागे लागते, साहेबाकडे पगारवाढ माग. हा जातो, नकार घेऊन येतो आणि घरी बेधडक सांगतो, "वाढला!" झालं. बायको वाढीव पगाराच्या भरवशावर खर्चाला लागते. पहिला मान नवऱ्याच्या भारी सुटाचा, मग बड्यांच्या पार्ट्या. तिथे या जोडप्याच्या नाचावर सगळे लट्टू आणि इकडे नोकरीच जाते. पुढचं सांगत नाही.

मी उभी हयात कचेरीत काढली. साहेबाच्या दाराबाहेर उभं राहून हातातली फाईल उगाच चाळत बसणारा माणूस मी रोज पाहिलाय (कधी कधी तो मीच असे). आमच्याकडचे निम्मे प्रेक्षक मुंबईत नोकऱ्या करून परतलेले चाकरमानी आहेत. मुंबईहून घरी पाठवलेल्या पत्रात पगार चार आणे जास्त कोणी लिहिला नाही, हे त्यांनी शपथेवर सांगावं! म्हणून हाच चित्रपट.

अडचण अशी की पाट्या (मूकपटात मधे मधे पडद्यावर येणारा लिखित मजकूर) इंग्रजीत आणि नेटवरच्या प्रतीचं संगीत कानाला नको होतं. माणसंही जरा तुरुतुरु पळतात. काय करू?

रत्नागिरीचा_फिल्लमबाज

पळण्याचं आधी सांगतो. मूकपटांच्या काळात सेकंदाला इतक्याच चौकटी (फ्रेम) असा पक्का नियम नव्हता. २४ हा आकडा बोलपटांबरोबर ठरला. कमी वेगाने घेतलेलं २४ ने दाखवलं की माणसं पळतात. संगणकावरच्या व्हीएलसी प्लेअरमध्ये वेग ०.९ किंवा ०.८५ करून बघा. त्याखाली जाऊ नका, नाच बुळबुळीत होईल.

हक्कांची काळजी नको. आपल्याकडे चित्रपटाचा स्वामित्वहक्क ६० वर्षं, आणि अमेरिकेतही १९२६ चे चित्रपट १ जानेवारी २०२२ ला खुले झाले. मात्र नव्याने जोडलेलं संगीत वेगळं, त्यावर कोणाचा तरी हक्क असू शकतो. आवाज बंदच ठेवा.

आणि कोजागिरीचं चांदणं विसरू नका! उघड्या खळ्यात पडदा लावलात तर चित्र पांढरं पडेल. देवळाच्या सभामंडपात घ्या, परतीच्या पावसाचीही धास्ती नाही.

कुडाळचो_झील

संगीताची चिंता कित्याक करतास? दशावतारी पेटीवालो गाठा. लिवलेल्या शब्दाशिवाय रातभर नाटक उभा करणारी माणसा ती, तेंका सव्वा तासाचो सायब काय मोठो? फक्त पिच्चर तेंका आधी एकदा दाखवा, म्हणजे नाच खंय आणि मालक खंय गुरगुरता ह्या ध्यानात रवात. मृदंगवालो पण व्हयोच. स्किनर पगार मागूक जाता थंय तेच्या पावलावर थाप पडली की बायका पोट धरून हसतली. कोजागिरेक जत्रो लागलेल्यो नसतत, गडी मोकळे गावतले. मानधन मात्र आधीच ठरवा, मागसून घासाघीस नको.

सावंतवाडीची_वाचक

पेटीवाल्याला माझं मत, पण दशावतारातल्या संकासुर राक्षसाच्या एंट्रीचा ठेका लावू देऊ नका, सगळं त्याच रंगात जाईल. पाट्यांसाठी मराठी अक्षरं चिकटवत बसू नका. फाळक्यांच्या 'राजा हरिश्चंद्र'च्या (१९१३) पाट्या इंग्रजी-हिंदीत असत. वाचता न येणाऱ्यांना शेजारचा वाचून दाखवी. तेच करा. वाचणारा मात्र सपाट आवाजाचा हवा. नाट्यस्पर्धेत बक्षीस घेतलेला अजिबात नको, तो पडद्यावरच्या माणसाशी चुरस लावतो.

अव्वल_कारकून

वा! बक्षीसवालाच आधी नाव देऊन बसलाय, त्याला दुधाच्या पातेल्याशी उभा करतो. पाट्या आमच्या निवृत्त तलाठ्याकडे. सातबारा वाचावा तशा वाचेल.

जाता जाता: स्किनरचं काम करणारा रेजिनाल्ड डेनी पहिल्या महायुद्धात ब्रिटिशांच्या हवाई दलात होता आणि पुढे त्याने रेडिओवर उडणाऱ्या विमानांची कंपनी काढली. दुसऱ्या महायुद्धात अमेरिकन सैन्याला तोफांच्या सरावासाठी हजारो विमानं तिने पुरवली आणि त्याच कारखान्यात मेरिलिन मन्रो कामाला होती, तेव्हा ती नॉर्मा जीन. पडद्यावर साहेबापुढे थरथरणारा हा माणूस! हे मध्यंतरात सांगू की आधी? आधी सांगितलं तर त्याच्या घाबरण्यावर कोणाचा विश्वास बसणार नाही.

कुडाळचो_झील

मागसून सांगा. आणि पेटीवाल्याक दूध पयला द्या.