काळाच्या ओघाला एकक काय धरावे? (विज्ञानकथेसाठी)

रामबागकर, इंदूर

मी एक विज्ञानकथा लिहीत आहे. ती राजवाड्यामागच्या एका जुन्या वाड्यात घडते. ओसरीवर काळ रस्त्यासारखाच चालतो, चौकात निम्म्या वेगाने आणि देवघरात त्याच्याही निम्म्या वेगाने. त्यामुळे गांधी हॉलच्या घड्याळाचे तासाचे टोल कथेत देवघरात बसलेल्या आजीला दर पंधरा मिनिटांनी ऐकू येतात. काळ मोजायला आपल्याकडे एककांची वाण नाही. दिवसाच्या ६० घटिका, घटिका २४ मिनिटांची, तिची पुन्हा ६० पळे. पण ही सारी मापे किती काळ गेला एवढेच सांगतात, तो किती वेगाने वाहतो आहे हे सांगत नाहीत. म्हणून मी ‘ओघ’ असे एकक कल्पिले आहे: बाहेरच्या तासाभरात आत एक तास गेला तर १ ओघ, अर्धा तास गेला तर अर्धा ओघ. हे शास्त्राच्या कसोटीवर टिकेल का?

दांडियाबाजारकर, बडोदे

तासाला तासाने भागल्यावर हाती नुसती संख्या उरते, एकक उरत नाही, ही पहिली अडचण. तिच्यामुळे आपले काही अडणार नाही, कारण कोनाच्या रेडियनचेही तसेच आहे आणि तरी आपण त्याला नाव ठेवलेच. खरी मेख दुसरीकडे आहे. एकट्या घड्याळाला ओघ नसतो; ते स्वतःच्या हिशेबाने नेहमी बरोबरच चालत असते, आणि फरक दिसतो तो दुसऱ्या घड्याळाशी ताडून पाहिल्यावर. तुमचे इंदूर समुद्रसपाटीपासून सुमारे ५५० मीटर उंच आहे, आमचे बडोदे जेमतेम ४० मीटर. गुरुत्वाकर्षणाच्या नियमाने तुमचे घड्याळ आमच्या घड्याळापेक्षा रोज सुमारे ५ नॅनोसेकंद पुढे जाते. (आम्ही बडोदेकर निवांत का असतो, याचे कारण म्हणून एवढा फरक पुरेसा नाही.) २०१० मध्ये अमेरिकेतील प्रयोगशाळेत केवळ ३३ सेंटिमीटर उंचीच्या अंतराने हा फरक मोजून दाखवला गेला. तेव्हा कथेत ‘कशाच्या तुलनेत’ हे आधी ठरवावे. टोल देणारे घड्याळ आपण घेतलेच आहे, तेच प्रमाण मानावे.

दुसरी सूचना मोजपट्टीविषयी. समान गतीला १ ऐवजी ० म्हणावे, गती दुप्पट झाली की १ ओघ वाढवावा, निम्मी झाली की १ ओघ वजा करावा. मग गुणाकार करावा लागत नाही, पायऱ्या मोजल्यासारखी बेरीज होते: चौकात वजा १, तेथून देवघरात आणखी वजा १, मिळून वजा २. याची एक किंमत आहे. काळ पूर्ण थांबला तर तो या पट्टीवर लिहिताच येत नाही, कारण कितीही वेळा निम्मे केले तरी शून्य होत नाही. आणि उलटा फिरणारा काळ तर तिच्या बाहेरच राहतो. तुमच्या कथेत काळ मागे जाणार असेल, तर तुमचे मूळ गुणोत्तरच बरे.

लष्करकर, ग्वाल्हेर

एककाचे ठीक आहे, पण आजी जिवंत राहतील का, हे कोणी पाहिलेले दिसत नाही. देवघरात टोल चौपट भरभर ऐकू येत असतील, तर बाहेरून येणाऱ्या प्रकाशाची कंपनेही चौपट होतील. तांबडा प्रकाश अतिनील होऊन आत येईल आणि उजेडाची तीव्रता सोळा पट वाढेल: प्रत्येक प्रकाशकणाची ऊर्जा चौपट, आणि ते येणारही चौपट संख्येने. खिडकी बंद करूनही सुटका नाही, कारण भिंतीतून निघणाऱ्या उष्णतेच्या किरणांचीही कंपने चौपट होतील. बाहेरची २७ अंशांची साधी भिंत म्हणजे, निरपेक्ष शून्यापासून मोजता, ३०० केल्विन. ती आतून १२०० केल्विनची, म्हणजे ९२७ अंशांची भासेल. आजींच्या भोवती निखाऱ्यांची भट्टी पेटल्यासारखेच ते होईल. चिन्ह उलटे करून आत काळ वेगाने चालवला, तर तीच भिंत ७५ केल्विनची वाटेल, म्हणजे शून्याखाली १९८ अंश. दोन ओघांचा फरक एका उंबरठ्यावर माणसाला सोसणारा नाही.

रामबागकर, इंदूर

दोघांचेही आभार. शून्यापासूनची पट्टी मी स्वीकारली आहे. काळ थांबवण्याचा माझा विचार नव्हताच. लष्करकरांच्या भट्टीमुळे मात्र रात्रभर झोप लागली नाही, आणि सकाळी पुन्हा हिशेब मांडला. देवघर वजा दशांश ओघावर ठेवले, तर काळाचा फरक सुमारे सात टक्के राहतो आणि भिंत ४८ अंशांची होते. इंदुरात मे महिना काढलेल्या आजीला तेवढे चालेल. टोल दर छपन्न मिनिटांनी पडतील, म्हणजे ऐकणाऱ्याला लवकर शंकाही येणार नाही. वर्षाकाठी आजी सुमारे २४ दिवस मागे पडेल. देवघराबाहेर पाऊल न टाकता ४० वर्षे काढली, तर जवळजवळ पावणेतीन वर्षे. तिची धाकटी बहीण दोन वर्षांनी लहान आहे आणि ती चौकापलीकडे, शून्य ओघावर राहते. आता दसऱ्याला कोणी कोणाच्या पाया पडायचे, तेवढे लिहायचे राहिले आहे.