सल्ला हवा: आजोबा आणि नातू एकत्र खेळू शकतील असा विनोदी कोड्यांचा गेम

मांजराकाठ (लातूर)

नमस्कार. येळवशीला, म्हणजे वेळ अमावास्येच्या सणाला, बहीण औशाहून येते, तेव्हा तिचा दहा वर्षांचा मुलगा आठवडाभर आमच्याकडे राहतो आणि सारा वेळ मोबाइलवर गोळीबाराचे गेम खेळतो. आमचे अण्णा जिल्हा परिषदेच्या शाळेतून मराठीचे शिक्षक म्हणून निवृत्त झाले असून त्यांना शब्दकोडी आणि विनोद या दोन्हींची आवड आहे. मात्र संगणकावर खेळण्याजोगे काही असू शकते, हे त्यांना मान्य नाही. या दोघांना एका पडद्यासमोर बसवील, हसवील आणि थोडे डोकेही चालवायला लावील, असा गेम कोणी सुचवू शकेल काय? मोठ्या कंपन्यांच्या गेमचे डाउनलोडच आमच्या मोबाइल इंटरनेटला झेपत नाही, म्हणून दोन-चार जणांनी मिळून केलेला छोटा, स्वतंत्र गेम असल्यास उत्तम. लॅपटॉप सात वर्षांचा आहे, त्यात वेगळे ग्राफिक्स कार्ड नाही, लाईट केव्हाही जाते आणि भाच्याचे इंग्रजी बेताचे आहे.

दुधनातीर (परभणी)

या वर्णनाला माझ्या मते एकच उत्तर आहे आणि ते म्हणजे 'अनटायटल्ड गूज गेम'. ऑस्ट्रेलियातील मेलबर्न येथील 'हाउस हाउस' नावाच्या चौघांच्या चमूने तो केला आणि सप्टेंबर 2019 मध्ये तो प्रसिद्ध झाला. 2016 मध्ये या चौघांच्या आपसातल्या चॅटवर एकाने हंसाचा फोटो टाकला, त्यावरून थट्टा सुरू झाली आणि त्या थट्टेचाच पुढे गेम झाला. गेमसाठी दरवर्षी दिल्या जाणाऱ्या 'डाइस' पुरस्कारांत 2020 साली कोट्यवधींच्या गेमना मागे टाकून वर्षातील सर्वोत्तम गेमचा मान त्याला मिळाला, यावरून त्याची प्रत लक्षात यावी.

आपण एक हंस असतो आणि इंग्लंडमधील एका शांत खेड्यातील माणसांचा दिवस खराब करणे एवढेच आपले काम असते. हातात कामांची यादी मिळते: माळ्याला भिजवायचे, त्याच्या किल्ल्या पळवायच्या, त्याचे दाताळे तळ्यात टाकायचे, त्याला उन्हाळी टोपी घालायला लावायची. शेवटचे काम वाचून माझ्या मुलीने अर्धा तास ती गवती टोपीच माळ्यापाशी ओढत नेण्यात घालवला. उलगडा असा की, तो खाली वाकेल तेव्हा त्याच्या डोक्यावरची नेहमीची टोपी चोचीत धरून पळ काढायचा; डोके उघडे पडले की तो आपण होऊन दुसरी टोपी शोधतो. या गेममधील बहुतेक कोडी अशीच आहेत. वस्तू जागेवरून हलवणे सोपे असते, खरे कोडे माणसाच्या सवयीत दडलेले असते.

मला सर्वांत आवडलेले काम बाजाराच्या रस्त्यावरचे आहे. एका लहान मुलाचे खेळण्यातले विमान पळवून ते गुपचूप दुकानाच्या मालात ठेवायचे. दुकानदारीण ते आपलेच समजते, मुलगा येऊन हात पुढे करतो, ती पैसे मागते आणि बिचाऱ्याला स्वतःचेच विमान विकत घ्यावे लागते. हे सर्व एकही शब्द न बोलता घडते, कारण गेममधील माणसे बोलतच नाहीत. त्यांच्या खांद्यांवरून आणि कमरेवर ठेवलेल्या हातांवरून सगळे कळते. संगीतही तसेच बोलके आहे. फ्रेंच संगीतकार देब्यूसी याच्या पियानोवरील रचनांचे डॅन गोल्डिंग यांनी बारीक तुकडे केले आहेत आणि हंस दबा धरून बसला असेल, की किल्ल्या घेऊन पळत असेल, त्यानुसार ते तुकडे वाजतात.

आता तुमच्या अटींविषयी. यात कोणी मरत नाही, हरण्याची सोय नाही, माळी फार तर हाकलून देतो. सप्टेंबर 2020 पासून यात दुसरा हंस घेऊन दोघांना एकाच पडद्यावर खेळता येते. आम्ही दोन कंट्रोलर जोडून खेळलो. माझा लॅपटॉपही तुमच्यासारखाच जुना आहे आणि रिझोल्यूशन कमी केल्यावर त्याने तक्रार केली नाही. तरी शंका असल्यास स्टीम या गेमच्या ऑनलाइन दुकानातून घ्या, कारण खरेदीपासून 14 दिवसांच्या आत आणि दोन तासांपेक्षा कमी खेळला असल्यास पैसे परत मागता येतात. एकदा उतरवून घेतल्यावर इंटरनेट लागत नाही. अडचण एकच: कामांची यादी इंग्रजीत येते आणि भाषांच्या पर्यायांत मराठी नाही.

आखाड्यावरचा (हिंगोली)

हंसाला माझेही अनुमोदन आहे, परंतु तो तीन-चार तासांत संपतो आणि पाहुणे आठवडाभर राहणार आहेत, म्हणून दोन नावे जोडतो.

तुमचे वडील व्याकरण शिकवत असतील तर त्यांच्यासाठी फिनलंडच्या आर्वी तेइकारी यांचा 'बाबा इज यू' घ्या. 2017 च्या नॉर्डिक गेम जॅममध्ये, म्हणजे थोड्या वेळात गेम बनवण्याच्या मेळाव्यात, त्याचा पहिला नमुना तयार झाला आणि 2019 मध्ये पूर्ण गेम आला. यात गेमचे नियमच शब्दांच्या ठोकळ्यांनी पटावर मांडलेले असतात. 'वॉल इज स्टॉप' असे लिहिले असेल तोवर भिंत अडवते. त्यातला शेवटचा ठोकळा ढकलून बाजूला केला की वाक्य मोडते आणि त्याच भिंतीतून आपण आरपार चालत जातो. कर्त्याच्या जागी 'वॉल' आणि पुढे 'इज यू' जुळवले, तर आपणच भिंत होऊन हिंडू लागतो. लागणारे इंग्रजी शब्द मोजकेच आहेत, ते भाच्याला तासाभरात पाठ होतील. मात्र दोनशेहून अधिक पट (टप्पे) आहेत आणि सुरुवातीच्या काही पटांनंतर ते इतके अवघड होत जातात की मी स्वतः एका पटावर चार रात्री घालवल्या आहेत. तेव्हा हा गेम आजोबांचा आणि नातवाने शेजारी बसून ठोकळे सुचवायचे, अशी वाटणी बरी.

इंग्रजीचा अजिबात संबंध नको असेल तर झेक प्रजासत्ताकातील 'अमानिता डिझाइन'चा 2018 मधील 'चुखेल' पाहावा. एका केसाळ प्राण्याला एक चेरी हवी आहे आणि ती दर वेळी हातची निसटते, एवढीच कथा आहे. कोडी सोपी आहेत; चुकीच्या ठिकाणी क्लिक केल्यावर जी फजिती दिसते तिच्यासाठीच तो खेळायचा.

बिंदुसरा (बीड)

क्षमस्व, परंतु दहा वर्षांच्या मुलाला चोरी करून गंमत पाहायला शिकवणारा गेम आपण सुचवत आहोत, याचा कोणी विचार केला आहे काय?

दुधनातीर (परभणी)

शंका रास्त आहे. मात्र पैठण आपल्याच भागात आहे आणि नाथांपासून आजवर आपण गौळणींत लोण्याच्या चोरीची तक्रार ऐकून हसतच आलो आहोत. माझ्या मुलीने हा गेम संपवून दोन वर्षे झाली, शेजाऱ्यांच्या किल्ल्या अद्याप जागेवर आहेत. गोळीबाराच्या गेमपेक्षा माळ्याची टोपी पळवणे मला तरी सौम्य वाटते.

मांजराकाठ (लातूर)

सर्वांचे आभार. हंस घेतला आणि गंजगोलाईतून दोन साधे कंट्रोलर आणले. पहिल्या संध्याकाळी अण्णा फक्त पाठीमागे बसले होते. भाच्याने "आजोबा, हे बदक बघा" म्हणताच ते उठून पुढे आले आणि हे बदक नसून कलहंस आहे, मात्र नीरक्षीरविवेक त्याच्या गावीही नाही, असे त्यांनी सुनावले. त्यानंतर दुसरा कंट्रोलर त्यांच्या हातून सुटला नाही. भाचा पंख फडफडवत ओरडून माळ्याला कुंपणाकडे नेतो आणि अण्णा मागून किल्ल्या उचलतात, अशी त्यांची जोडी जमली आहे. मध्येच लाईट गेली, तेव्हाही दोघे बॅटरी संपेपर्यंत अंधारात बसून होते.

इंग्रजी यादीचा प्रश्न अण्णांनीच सोडवला. रोज सकाळी ते यादी भाच्याकडून मोठ्याने वाचून घेतात, अडेल तो शब्द सांगतात आणि जुन्या दिनदर्शिकेच्या पाठकोऱ्या पानावर ती मराठीत उतरवतात: "माळ्यास भिजविणे. किल्ल्या लांबविणे. दाताळे जलाशयात विसर्जित करणे." काम झाले की त्यावर लाल पेनाने बरोबरची खूण होते. काल माळ्याच्या अंगठ्यावर त्याचीच हातोडी पडली, तेव्हा त्या ओळीपुढे त्यांनी "उत्तम" असा शेराही दिला.

'बाबा इज यू' पुढच्या महिन्यात घेईन. नाव ऐकून भाचा आतापासूनच त्यांना "आजोबा इज यू" म्हणतो आहे. तोवर एक अडचण सांगावी: बाजाराच्या रस्त्यावरील त्या मुलाला टेलिफोनच्या खोक्यात कोंडायचे आहे, पण आमचे दोन्ही हंस एकाच बाजूने धावतात आणि तो दुसरीकडे निसटतो. ओरडण्यासाठी कोणी कोठे उभे राहावे?