प्रतिसाद: भंगारातले शिल्प आणि कलाशिक्षण
कलेचे शिक्षण न घेतलेल्या माणसाने भंगारातून घडवलेल्या आकृतींना शिल्प म्हणावे का, या प्रश्नावर चंडीगडच्या नेकचंद सैनी यांचे काम मला निर्णायक वाटते. बांधकाम खात्यात रस्ते निरीक्षक असताना त्यांनी १९५७ च्या सुमारास सुखना तलावाजवळच्या राखीव जंगलात, कोणालाही न सांगता, फुटक्या बांगड्या आणि चिनी मातीचे तुकडे सिमेंटमध्ये बसवून माणसे व प्राणी उभे केले. १९७६ मध्ये ही जागा ‘रॉक गार्डन’ या नावाने लोकांसाठी खुली झाली आणि १९८४ मध्ये त्यांना पद्मश्री मिळाली. आपल्या नाशिकमध्ये सातपूर-अंबडच्या कारखान्यांतली पत्र्याची कात्रणे आणि मोडके सुटे भाग भंगारवाल्याकडे जातात. त्यातून कोणी काही घडवत असेल, तर पदवी विचारण्याआधी महापालिकेने त्याला उद्यानातली थोडी जागा द्यावी (लोखंड गंजते, म्हणून रंगाच्या देखभालीसह).