मदत हवी आहे: लिलावाच्या रकमेवर बँक आणि महापालिका, दोघांचाही पहिला हक्क

महाराष्ट्रातील दिवाणी न्यायालयात माझी पैशाच्या हुकूमनाम्याची दरखास्त (अंमलबजावणीची कारवाई) चालू आहे. ऋणकोच्या गाळ्याचा लिलाव कायम झाला असून रक्कम न्यायालयात जमा आहे. महापालिका थकीत मालमत्ता करासाठी महाराष्ट्र महानगरपालिका अधिनियमाच्या कलम १४१ खालील प्रथम बोजा सांगते, तर गहाणदार बँक सरफेसी कायद्याच्या (बँकांच्या तारण-वसुलीचा कायदा) कलम २६-ई चा, म्हणजे नोंदणीकृत तारणधारकाला करांच्या आधी पैसे देण्याच्या तरतुदीचा, आधार घेते. ते कलम २४ जानेवारी २०२० पासून लागू आहे. बँकेची सेरसाई (तारणांची केंद्रीय नोंदवही) नोंदणी त्यानंतरची, परंतु कराच्या थकबाकीच्या आधीची आहे. मात्र बँकेने सरफेसीखाली स्वतः कोणतीही कारवाई केलेली नाही, आणि मला खरी अडचण इथेच वाटते.

अग्रक्रम ठरवण्यासाठी आम्ही लेखी अर्ज दिला, दोघांचे हिशेबही दाखल झाले. तरीही दोघांनी स्वतंत्र दावे लावावेत असे तोंडी सुचवले गेले. लेखी आदेश अद्याप नाही. दिवाणी प्रक्रिया संहितेचे कलम ७३ वाचले, पण ते प्रामुख्याने हुकूमनामाधारकांमधील वाटपाचे आहे, आणि त्याच्या पोटकलम (३) मधील शासनाच्या हक्काचे संरक्षण महापालिकेला मिळेल असे मला वाटत नाही. माझा हक्क या दोघांनंतरचा आहे हे मला मान्य आहे. उरलेली रक्कम किती, एवढेच कळायला हवे.

अशा स्थितीत वाटपापूर्वी हा अग्रक्रम कारणांसह ठरवणे दरखास्त न्यायालयावर बंधनकारक आहे का, आणि असल्यास कोणत्या तरतुदीखाली किंवा निवाड्याच्या आधारे तसा आदेश मागावा?