लॉगमध्ये सफारी जास्त, अ‍ॅनालिटिक्समध्ये फायरफॉक्स कमी: खरा आकडा कोणता?

प्रश्न: साइटवर येणारे कोणता ब्राउझर वापरतात ते मोजतोय. सर्व्हर लॉगमध्ये (सर्व्हरवरची प्रत्येक विनंतीची नोंद) सफारीचा वाटा फुगलेला दिसतो आणि अ‍ॅनालिटिक्समध्ये (पानातल्या स्क्रिप्टने भेटी मोजणारं साधन) फायरफॉक्स जवळपास गायबच. टेस्टिंगसाठी कोणता आकडा धरायचा?

लॉगवाला: लॉगमधून ब्राउझर ओळखणाऱ्या तुमच्या स्क्रिप्टमधला क्रम बघा. क्रोमच्या यूजर एजंटमध्ये (ब्राउझर सर्व्हरला पाठवतो ती स्वतःची ओळख) 'सफारी' हा शब्द असतोच, एजच्या तर क्रोम आणि सफारी दोन्ही नावं. म्हणून आधी 'एड्ग' (एज), 'ओपीआर' (ओपेरा), 'सॅमसंगब्राउझर' शोधायचं, मग क्रोम, सफारी अगदी शेवटी. त्याआधी बॉट (माणसाऐवजी पानं उघडणारे प्रोग्रॅम) गाळा, नाहीतर सगळंच व्यर्थ.

निनाद_वेब: फायरफॉक्सचा स्ट्रिक्ट मोड (माग काढणं रोखणारी कडक सेटिंग) अ‍ॅनालिटिक्सची स्क्रिप्टच अडवतो, त्यामुळे ती भेट मोजलीच जात नाही. ब्रेव्ह ब्राउझरचं वेगळंच, तो यूजर एजंटमध्ये स्वतःला क्रोम म्हणवतो. स्टॅटकाउंटरशी (ब्राउझरांच्या वाट्याचे जागतिक आकडे देणारी साइट) ताडून बघणार असाल तर थांबा, तिथे पानं मोजतात, माणसं नव्हे.

प्रश्नकर्ता: आणि आयफोनवरचा क्रोम?

लॉगवाला: यूजर एजंटमध्ये त्याची खूण 'क्रायओएस'. आत इंजिन (पान दाखवणारा गाभा) मात्र सफारीचंच, वेबकिट, म्हणून टेस्टिंगच्या हिशेबात तो सफारीतच टाका. आयफोनवर 2024 पासून युरोपीय संघात आणि डिसेंबर 2025 पासून जपानमध्ये दुसऱ्या इंजिनाला मुभा आहे, बाकी ठिकाणी वेबकिटच धरून चाला. वाटा ब्राउझरच्या नावाने नको, इंजिन आणि आवृत्तीने काढा.