मदत हवी आहे: भाच्याचा कॉर्न स्नेक, वेंगुर्ल्याचा पाऊस आणि मी

पडवीतून
नमस्कार मंडळी. वेंगुर्ल्याजवळ राहते, समुद्र चालत दहा मिनिटांवर. पडवीत जनावर दिसलं की खुर्चीवर चढायचं आणि कोणीतरी काठी आपटून त्याला हाकलेपर्यंत उतरायचं नाही, सापांशी माझा आजवरचा संबंध एवढाच. आता माझ्याच माजघरात काचेच्या पेटीत एक साप आहे आणि त्याच्या काळजीने मला झोप येत नाही.

भाचा पुण्यात होता. जूनमध्ये शिकायला परदेशी गेला आणि जाताना ही पेटी माझ्याकडे ठेवून गेला. "मावशी, दोनच वर्षं!" साप कॉर्न स्नेक आहे, म्हणजे अमेरिकेतल्या रॅट स्नेकांपैकी एक. लांबी तीन फुटांच्या आत-बाहेर, वय चार वर्षं. बिनविषारी आहे हे भाच्याने शंभर वेळा सांगितलं, तरी पहिले आठ दिवस मी पेटीवर चादर टाकून ठेवली होती.

मग एका दुपारी पाऊस थांबला, खिडकीतून ऊन आलं आणि ती त्या उन्हात येऊन पसरली. केशरी अंगावर लाल ठिपके, प्रत्येक ठिपक्याला पांढरट कड, पोटाखाली केशरी-पांढऱ्या चौकटी. अंगावर काळा रंग कुठेच नाही, डोळेसुद्धा लालसर. आबोलीचा गजरा कुणी सोडून ठेवलाय असं वाटलं. तेव्हापासून तिचं नाव आबोली. (भाच्याने ठेवलेलं नाव इंग्रजी आहे, ते माझ्या तोंडात बसत नाही.)

आता अडचण. भाच्याने चिठ्ठी लिहून ठेवलीय: "रोज सकाळ-संध्याकाळ पाण्याचा फवारा. दहा दिवसांनी एक उंदीर. बाकी काही नाही." मी चिठ्ठीबरहुकूम वागतेय. पण गेल्या सोमवारी तिने खाल्लेला उंदीर तिसऱ्या दिवशी उलटून टाकला. वास विचारू नका. त्याआधीचा नीट पचला होता. आणि काल ती काचेवर चढली तेव्हा पोटावर शेपटीच्या बाजूला तपकिरी डाग दिसले, लोखंडाच्या गंजासारखे. खाली नारळाच्या सोडणांचा भुसा आहे, त्यावर एका कोपऱ्यात पांढरी बुरशी आलीय.

भाचा व्हिडिओ कॉलवर "पुण्यात असं कधीच झालं नाही" एवढंच म्हणतो. काय करू?

माडाचो_झाप
ताई, सरळ मागच्या बागेत सोडून द्या. उंदीर भरपूर, माडांची नासाडी थांबेल. तिचंही भलं, तुमचंही.

हरणटोळ
कृपया असलं काही करू नका. ती इथली नाही. अमेरिकेच्या आग्नेय भागातला साप आहे, आणि बाहेरून जिथे जिथे पोचला तिथे काही ठिकाणी त्याने बस्तान बसवलंय, कॅरिबियन बेटांवर झालंय तसं. शिवाय असली केशरी-लाल वस्तू वाडीत फिरायला लागली तर पहिल्याच दिवशी कोणीतरी दांडका घालेल.

पडवीतून ताई, आधी हे सांगा: पेटीत तापमान किती, हवेतला दमटपणा किती? गरम पट्टी आहे का, चालू आहे का? उंदीर कुठून आणता? उलटल्यानंतर परत दिलात का?

पडवीतून
पेटीवर छोटं मीटर आहे. आज सकाळी २५ अंश, दमटपणा ८९ टक्के. पट्टी आहे, पण लाइट दिवसातून चार वेळा जाते आणि जुलैमध्ये एकदा गेली ती दीड दिवस आली नाही. शिवाय घरातच इतकं उकडत असतं की पट्टीची गरज वाटली नाही.

उंदीर भाच्याने गोठवलेले आणून ठेवलेत. फ्रीजरमध्ये, बांगड्यांच्या शेजारी. सासूबाईंना डब्यात काय आहे ते सांगितलेलं नाही. परवा उलटलं म्हणून बिचारी उपाशी असेल असं वाटून काल दुसरा दिला, तो तिने घेतला नाही.

हरणटोळ
नाही घेतला ते देवाचीच कृपा.

चिठ्ठी चुकीची नाही, ती पुण्याची आहे. मार्च-एप्रिलमध्ये पुण्यात हवा कोरडी, तिथे फवारा लागतो. इंटरनेटवरचे सल्ले तर हीटर लावलेल्या थंड देशातल्या खोल्यांसाठी लिहिलेले असतात. कॉर्न स्नेकला दमटपणा साधारण ४० ते ६० टक्के पुरतो. वेंगुर्ल्यात श्रावणात भिंतीच घामाघूम असतात, तिथे तुम्ही वर दोन वेळा फवारा मारताय. पोटाखालचा भुसा कायम ओला राहिला की खवले कुजायला लागतात. ते तपकिरी डाग बहुधा तेच.

उलटी का झाली? साप स्वतः ऊब तयार करत नाही. पचनासाठी त्याला पेटीची एक बाजू २९-३० अंशांची लागते आणि दुसरी २४-२५ ची, म्हणजे हवं तसं सरकता येतं. तुमची अख्खी पेटी २५ वर. तुम्हाला उकडतं ते दमट हवेत घाम वाळत नाही म्हणून, तिला ते गार आहे. उंदीर पचण्याआधी सडला, तिने बाहेर टाकला.

आता लगेच करायचं ते असं. फवारा बंद. भुसा सगळा फेकून पेटी पुसून कोरडी करा आणि खाली नुसता वर्तमानपत्राचा कागद घाला, ओला झाला की बदला. पाण्याचं भांडं लहान ठेवा आणि थंड बाजूला. गरम पट्टी पेटीच्या एक-तृतीयांश भागाखालीच, आणि थर्मोस्टॅटशिवाय मुळीच नको, पोट भाजतं. लाइट गेली तर कोमट पाण्याची बाटली फडक्यात गुंडाळून पेटीत एका कोपऱ्यात ठेवा, आपण गुरांच्या पिल्लांना देतो तशी ऊब.

दोन आठवडे काहीही खायला देऊ नका. खरंच काही नाही. साप पंधरा दिवस उपाशी राहिल्याने मरत नाही, पण उलटीनंतर लगेच दिलेल्या उंदराने मरू शकतो, कारण पोटातली आम्लं आणि जंतूंचा मेळ भरून यायला वेळ लागतो. नंतर पहिला उंदीर नेहमीच्या निम्म्या आकाराचा. आणि खाल्ल्यावर दोन दिवस हातात घ्यायची नाही.

खाडीकाठचा_डॉक्टर
वरच्या सल्ल्याशी सहमत. मी गुरांचा डॉक्टर, सापांचा नाही, म्हणून एवढंच जोडतो: डागांमध्ये फोड आले, पाणी सुटलं किंवा खवले निघायला लागले तर घरगुती उपाय थांबवा. प्रतिजैविक लागू शकतं आणि डोस वजनावर ठरतो. गोव्यात किंवा कोल्हापुरात सरपटणारे प्राणी तपासणारा पशुवैद्य शोधा. तोवर पोव्हिडोन आयोडीन पाण्यात फिकट चहाच्या रंगाचं करून रोज दहा मिनिटं पोट त्यात बुडेल एवढंच, मग नीट कोरडं. तोंड उघडं ठेवून श्वास, नाकाशी बुडबुडे, शिट्टीसारखा आवाज, यातलं काही दिसलं तर वाट पाहू नका. गार आणि दमट हवेत यांची छाती लवकर धरते.

गोठवलेले उंदीर लाइट जाऊन वितळले असतील आणि परत गोठले असतील तर टाकून द्या. घरात पकडलेला उंदीर तर अजिबात नको. बागांतून किती विष घातलं जातं ते आपल्याला माहीत आहे.

बांदावरून
कायद्याचंही बघा. धामण, तस्कर वगैरे देशी साप घरात ठेवणं १९७२ च्या वन्यजीव संरक्षण कायद्याने गुन्हा आहे. तुमचा साप देशी नाही, पण जिवंत प्राणी परदेशातून आणायला परवाना लागतो. भाच्याकडे खरेदीचे कागद मागून घ्या. नसतील तर वनखात्याशी तुम्हीच आधी बोललेलं बरं.

बाकी रंगाचं म्हणाल तर आपला तस्करही काही कमी देखणा नाही. मानेवर काळ्या रेघा, पुढच्या अंगावर पांढऱ्या ठिपक्यांचे आडवे पट्टे. आमच्या लाकडाच्या खोपीत दर पावसाळ्यात एक असतो. मी त्याची काळजी कशी घेतो? लाकडं हलवत नाही. धामणीचंही तसंच. दोन मीटरची धामण गोठ्यामागे राहते, दिवसाढवळ्या फिरते. आजी सांगायची ती म्हशीचे पाय बांधून दूध पिते. आमच्या म्हशीचं दूध कमी झालेलं नाही, कणगीतले उंदीर मात्र कमी झालेत.

पडवीतून
सगळ्यांचे खूप आभार. कागद मागितलेत. एक विचारायचं राहिलं: मुंग्या! कालपासून पेटीभोवती लाल मुंग्यांची रांग.

हरणटोळ
उलटीच्या वासाने आल्या असतील. जाळीच्या कपाटाला करतात तेच करा, स्टँडचे चारही पाय पाण्याच्या वाट्यांत. आणि झाकणाला चाप आहेत ना? तुमचं घर कौलारू असेल तर एकदा वाशांत शिरली की संपलं.

पडवीतून
तीन आठवड्यांनी लिहितेय. डाग पुसट झालेत, फोड आले नाहीत. मधे चार दिवस डोळे दुधाळ निळे झाले, मला वाटलं आंधळी झाली, पण ते कात टाकण्याआधीचं होतं म्हणे. ओल्या शेवाळ्याचा डबा आत ठेवायला सांगणारा व्हिडिओ पाहिला, पण इथे काही ठेवलं नाही, हवाच पुरेशी ओली आहे. कात डोळ्यांच्या टोप्यांसकट अखंड निघाली, तीन फूट. पंधराव्या दिवशी छोटा उंदीर दिला. दिवसातून दहा वेळा जाऊन बघत होते. पचला.

मधे नागपंचमी झाली. शेजारच्या काकूंना कुठून तरी कळलंच. आधी दारातूनच ओरडल्या, "घरात किरडू पोसूक हाडलंस काय गो?" मग पंचमीला स्वतःच दूध-लाह्या घेऊन हजर. साप दूध पीत नाही, त्याला ते पचतही नाही, हे समजावता समजावता पाऊण तास गेला. शेवटी म्हणाल्या, "मगे ता खाता काय?"

मी फ्रीजर उघडून डबा दाखवला. तेव्हापासून त्या आपले बांगडे आमच्या फ्रीजरमध्ये ठेवायला येत नाहीत. आणि सासूबाई डब्यात काय आहे ते विचारतायत.